तुम्ही मागितलेलं आंब्री

आबा, शेवटी तुम्ही जे सफरचंद खाल्लं ते आंब्री नव्हतं. तुम्ही आंब्री मागितलं होतं, मी दुसरंच आणलं आणि आंब्री म्हणून तुमच्या हातात दिलं. चौदा वर्षं झाली त्याला. एवढं एक वाक्य लिहायला मी तीनदा उठले. एकदा चहा ठेवला, एकदा फोन वाजला असं वाटलं म्हणून उठले, एकदा गॅलरीतले कपडे काढले, तर ते ओलेच, परत वाळत घातले. तुम्ही असता तर म्हणाला असता, "काय लावलं माय, बोलायचं ते जल्दी बोल, गिऱ्हाईक उभं हाय." तर बोलते. मला इतकी वर्षं एकच गोष्ट छळत आलीय, की तुम्हाला कळलं होतं का नाही. कळलं असेल, तर पोटच्या पोरीनं शेवटी आपल्याला फसवलं हे जाणून तुम्ही गेलात. आणि कळलंच नसेल, तर ज्या जिभेवर तुम्ही अख्खा जन्म काढला ती तुमच्या आधीच गेली होती. यातलं कुठलं खरं असावं असं मी देवाकडे मागायचं, सांगा बरं. मला दोन्ही नको होती.

आपला गाडा दवाखान्याच्या फाटकासमोर, लिंबाखाली. आपल्याकडे सफरचंद कोणी स्वतःसाठी घेत नाही, आजारी माणसाला भेटायला जाताना घेतात. केळी रोजची, मोसंबी घरची, आणि सफरचंद दवाखान्याचं. शाळेत माझ्या डब्यात फोड दिसली की पोरी विचारायच्या, "तुझ्या घरी कोण आजारी आहे गं?" कोणी नाही म्हटलं तर विश्वास बसायचा नाही. एकदा तर बाईंनी मला जवळ घेऊन हळू आवाजात आईची चौकशी केली होती. आई त्या वेळी नळावर कुणाशी तरी कडाकडा भांडत असणार, चांगली ठणठणीत. आपण डागी फळं खायचो, डाग कापून उरेल ते. अख्खं सफरचंद घरात यायचं फक्त सत्यनारायणाला, पाच फळांत एक, आणि त्या दिवशी मी पूजेपेक्षा त्याच्याकडेच बघत बसायचे.

दुसरे गाडेवाले गिऱ्हाइकाला "किती?" म्हणून विचारायचे. तुम्ही विचारायचा, "कोणासाठी?" माणूस आधीच घाईत, घाबरलेला, आणि तुमची चौकशी चाललेली. वय काय? दात हायेत का? कितवा दिवस? काही खाऊन राह्यले का नुसतं सलाईन? मग तुम्ही गाड्यावरून हात फिरवायचा आणि बरोबर एका ढिगावर थांबायचा. दात नसलेल्या म्हाताऱ्याला गोल्डन, पिवळं पडलेलं, अंगठ्यानं दबणारं. "चमच्यानं खरवडून चारा," असं सांगून द्यायचा. तापानं तोंड कडू झालेल्याला महाराजी, थोराड आणि आंबट, पातळ काप करून वर मीठ. बाळंतिणीला डेलिशियस. ते उपडं करून खालचे पाच उंचवटे दाखवल्याशिवाय तुम्ही ते पिशवीत घालायचा नाहीत. लहान पोराला बारकं लाल अमेरिकन, कारण ते मुठीत मावतं आणि पोरगं ते धरून तरी झोपतं. कोणी साहेबाला भेट द्यायला आला की तुम्ही सगळ्यात चमकणारी काढायचा आणि तो गेला की म्हणायचा, "खाणार थोडंच हाय कोणी." आणि ज्याला काहीच जात नाही, अन्नाकडे बघून जो तोंड फिरवतो, त्याच्यासाठी आंब्री. ते फार थोडं यायचं, थंडीत, काश्मीरच्या पेटीत. दिसायला बेताचंच, अर्धं लाल अर्धं पिवळसर, कसं तरी उभट. पण वास! "खायला नको देऊ," तुम्ही सांगायचा, "उशाशी ठिव. वासानं भूक मागं येती."

आई चिडायची. म्हणायची, लोक गाड्यावर फळ घ्यायला येतात, पंचायत ऐकायला नाही. पण तुम्हाला तसंच जमायचं. आपण हसनाबादकडचे, मेंढरांमागं फिरणारे. आजोबा कळपातलं एकेक मेंढरू तोंडावरून ओळखायचे म्हणे, आणि लोकांना मात्र सगळी मेंढरं सारखीच दिसायची. तुम्ही मेंढरं सोडून जालन्याला आलात, तरी ती नजर सोबत आणलीत. अक्षर एक येत नव्हतं. पेटीवर काय छापलंय त्याचा तुम्हाला उपयोग नव्हता. फळ हातात घेऊन देठाची खोली बघायचा, बूड बघायचा, सालीवरचे ठिपके बघायचा, नाकाशी न्यायचा आणि नाव सांगायचा. शेजारच्या गाड्यावर चाचा. बागवानाच्या घरातले, चार पिढ्या फळात काढलेल्या. तेसुद्धा अडले की फळ तुमच्याकडे फेकायचे आणि तुम्ही ते झेलता झेलता नाव सांगायचा.

आणि मी? मी काय शिकले? काही नाही. कॉलेजात होते तेव्हाची गोष्ट. तुमचा डबा घेऊन आले होते, तुम्ही हात धुवायला गेला होता. एका बाईनं दोन ढिगांकडे बोट दाखवून विचारलं, यात आणि त्यात काय फरक? मी म्हणाले, "काही नाही हो, शेवटी सगळी सफरचंदंच." तुम्ही मागेच उभे. बाईला फळं तोलून दिलीत. मग डबा न उघडता म्हणालात, "सगळे सारखेच म्हणणाऱ्यानं फळाला हात लावू न्हाई. माणसाला बी न्हाई." आयुष्यात तुम्ही मला रागावून बोललात ते एवढंच. मी पण तुमचीच पोरगी, फणकाऱ्यानं म्हणाले, नाहीच लावायचा मला हात, मी नोकरी करणार. "कर की माय. कोण न्हाई म्हणलं?" असं म्हणून तुम्ही भाकरी मोडलीत. पुढे जमीन मोजणी खात्यात नोकरी लागली तेव्हा तुम्ही सफरचंदाच्या लाकडी पेट्या फोडून, त्यांच्या फळ्यांचं मला पुस्तकांचं कपाट करून दिलंत. रंग दिला नाहीत, वास जाईल म्हणून. लग्नानंतर दोन घरं बदलली, कपाट आहे अजून. सासरचे लोक आले की मी त्यावर पडदा ओढायचे, हे पण सांगून टाकते.

आता तो दिवस. तुम्हाला त्याच दवाखान्यात ठेवलं होतं, ज्याच्या फाटकाबाहेर तुम्ही तीस वर्षं उभे होता. खिडकीतून लिंबाचा शेंडा दिसायचा, खालचे गाडे दिसायचे नाहीत. पाच दिवस तुमच्या पोटात अन्न नव्हतं. डॉक्टरांनी मला बाजूला घेऊन सांगितलं होतं की औषधांनी तोंडाची चव जाते, आग्रह करू नका. दुपारी मी एकटीच बसलेय आणि तुम्ही डोळे उघडून म्हणताय, "माय, आंब्री मिळतंय का बघ की." मला इतका आनंद झाला की मी चप्पल न घालता जिन्यापर्यंत गेले आणि परत आले.

फाटकापर्यंत गेले मी. समोर गाड्यांची ओळ. आपली जागा रिकामी, गाडा ताडपत्री टाकून बांधलेला, आणि शेजारी चाचा पाण्यानं फळं पुसत बसलेले. आंब्री असलं तर त्यांच्याकडेच असणार, किंवा कुठं मिळेल हे तरी त्यांना माहीत असणार. रस्ता ओलांडायचा फक्त. पण ओलांडला की चाचा फडकं बाजूला ठेवून विचारणार, कोणासाठी? त्यांनाही तुमच्यासारखीच सवय लागलेली. आणि मला सांगावं लागणार की ज्याला काहीच जात नाही त्याच्यासाठी हवंय, आबांसाठी हवंय. ते वाक्य माझ्या तोंडून निघालं असतं तर मी रस्त्यात बसले असते. खरंच सांगते, लाज नव्हती वाटत. भीती वाटत होती. चाचांनी मान वर केली आणि मी मागं फिरले.

मागच्या फाटकानं निघाले, स्टेशनकडच्या नव्या काचेच्या दुकानात गेले. गार हवा, पांढरा उजेड, आणि प्रत्येक सफरचंद जाळीच्या टोपीत बसवलेलं. तिथल्या पोरीनं "किती?" एवढंच विचारलं. किती बरं वाटलं मला ते ऐकून! मी त्यातल्या त्यात कमी लाल, उभट दिसणारं एक वॉशिंग्टन उचललं. जिन्यात थांबून त्याच्यावरची चिठ्ठी नखानं काढली आणि डिंक पदरानं पुसला. तुम्ही विचारलं, "मिळालं?" मी म्हणाले, "हो, मिळालं की." तुम्ही ते हातात घेतलंत, फिरवलंत, नाकाशी नेलंत. मग ते परत माझ्याकडे दिलंत आणि म्हणालात, "साल काढून दे." मी सोललं, फोडी केल्या. चार फोडी खाल्ल्यात, आबा. सावकाश, डोळे मिटून. म्हणालात, "हां, हेच ते. किती दिवसानं." उरलेलं चाचांसाठी झाकून ठेवायला सांगितलंत. तिसऱ्या दिवशी सकाळी तुम्ही गेलात.

त्यानंतर मी सफरचंद विकत घेतलं नाही. घरात कोणी आजारी पडलं तर डाळिंब. नवऱ्याला वाटतं मला सफरचंद आवडत नाही. पण बघायचे मात्र. बाजारातून जाताना गाड्यांसमोर थांबायचे आणि मनातल्या मनात नाव लावून पाहायचे. आता नावं सालीवर चिकटवलेलीच असतात म्हणा. गाला, फुजी, वॉशिंग्टन, ते हिरवंगार ग्रॅनी स्मिथ, शिमल्याचं रॉयल, किन्नौरचं, आणि उन्हाळ्यात तुर्कस्तान नि इराणचं. बाराही महिने, सगळी एका मापाची. महाराजी कुठं दिसलं नाही. बारकं अमेरिकन दिसलं नाही. एका गाडेवाल्याला विचारलं, आंब्री ठेवता का, तर तो म्हणाला, "मावशी, आंब्याचा सीझन संपला." हसू का रडू तेच कळेना.

गेल्या वैशाखात ऑफिसातली एक बाई आजारी पडली, त्याच दवाखान्यात होती. सगळ्यांनी मिळून मलाच पिटाळलं, म्हणे तुम्हाला फळातलं कळतं, तुमचे वडील त्या धंद्यात होते ना. झालं. आता नाही कसं म्हणणार? फाटकासमोर गाडे राहिले नाहीत, पलीकडे पक्की दुकानं झालीत, त्यात एक चाचांच्या मुलाचं. मी म्हणाले, सफरचंद द्या. तो म्हणाला, किती? एवढ्यात मागून, पेट्यांच्या आडून आवाज आला, "अरे, ती आपली बेटी हाय. स्टूल दे तिला." चाचा. दाढी पांढरी फेक, डोळ्याला जाड काच. माझ्या डोक्यावर हात ठेवला आणि चहा सांगितला. तेवढ्यात मुलानं एक फोड कापून त्यांच्यापुढे धरली, नवा माल बघा म्हणून. चाचांनी हात झटकला. "तूच बघ. माझी जबान गेली म्हणून किती बार सांगू?"

मी आपलं काही तरी बोलायचं म्हणून विचारलं, कधीपासून चाचा? ते चहा बशीत ओतत होते, थांबले. म्हणाले, "तुझ्या बापाच्या टाइमापासून." मग मुलगा गिऱ्हाइकाकडे वळल्यावर पुढे झुकून अगदी हळू म्हणाले, "बेटी, एक बात विचारू? चौदा साल झाले, मनात हाय. तू त्याला आंब्री कुठून आणल्तं?"

मी कप खाली ठेवला. चाचा सांगत होते. दुसऱ्या दिवशी ते तुम्हाला भेटायला आल्ते, मी आंघोळीला घरी गेल्ते. तुम्ही वाटीवरचं झाकण काढायला लावलंत आणि म्हणालात, घे, पोरीनं आंब्री आणलं. चाचांनी फोड तोंडात टाकली. "मला ते वॉशिंग्टन लागलं, बेटी. बिलकुल वॉशिंग्टन. पाणीदार, गोड, वास काही न्हाई. पण तुझा बाप म्हणतो आंब्री. त्याची जबान कधी चुकली का? मंग मीच चुकलो. मी म्हणलं, हां भाई, आंब्रीच. पण त्या रोजपासून माझा माझ्या तोंडावर भरोसाच न्हाई राह्यला. पेटी आली की पोराला म्हणतो, तू बघ."

आबा, मला वाटत होतं माझं खोटं तुमच्या माझ्यात होतं. ते तुमच्याबरोबर गेलं, उरलं ते माझं मी बघून घेईन. इथे एक जिवंत माणूस चौदा वर्षं स्वतःला मोडीत काढून पेट्यांमागं बसला होता, माझ्यामुळे! मी तिथल्या तिथे सगळं सांगितलं. फाटक, मागं फिरणं, काचेचं दुकान, चिठ्ठी. रडत नव्हते, भराभर बोलत होते, चिडले की बोलते तशी. म्हणाले, "चाचा, ते वॉशिंग्टनच होतं. तुमची जबान बराबर होती."

चाचांनी मांडीवर एवढ्या जोरात थाप मारली की बशी उडाली. "अरे वा! म्हणजे मी बराबर होतो!" मुलाला हाक मारली, सुनेला आतून बोलावलं. "ऐकलं का? वॉशिंग्टनच होतं ते!" त्या बिचाऱ्यांना काय कळणार? सून माझ्याकडे बघतेय, मी तिच्याकडे. मग चाचांचा आवाज एकदम उतरला. बहुतेक माझ्याच मनातलं त्यांच्याही मनात आलं असणार. त्यांची जीभ बरोबर, तर मग तुमची चुकली. त्यांनी उडालेली बशी उचलून पुसली. मग त्यांनी विचारलं, "ती फोड सोललेली होती. साल कोणी काढली?"

"मीच काढली. आबा म्हणाले, काढून दे."

"तो म्हणला? त्यानं स्वतःच्या तोंडानं सांगितलं, साल काढ म्हणून?"

मी हो म्हणाले आणि चाचा हसायला लागले. हसता हसता चष्मा काढून डोळे पुसायला लागले. "बदमाश," म्हणाले, "पक्का बदमाश माणूस! अगं वेडे, त्यानं जिंदगीत कोणाला साल काढू दिली का? म्हाताऱ्यांनासुद्धा सालीसकट खरवडायला सांगायचा. साल गेली की फळाचं नाव गेलं, म्हणायचा. त्याला हातात घेतल्या घेतल्याच कळलं, माय. मी येणार हे त्याला माहीत होतं. साल राह्यली असती तर मी दारातूनच म्हणलो असतो, हे वॉशिंग्टन कोणी आणलं? अन् तू तिथं असतीस तर तुझं तोंड कसं झालं असतं? म्हणून सोलून घेतलं त्यानं. तुझी इज्जत राखली."

मला आठवलं मग. लहानपणी मी साल थुंकली की तुम्ही ती उचलून स्वतः खायचा. सगळं आठवलं. तुम्ही ते फिरवताना तुमचा अंगठा बुडाशी थांबला होता तेसुद्धा आठवलं, जिथे मी डिंक पुसला होता. म्हणजे तुमची जीभ गेली नव्हती. चौदा वर्षांनी मला ते मिळालं आणि त्याच क्षणी दुसरं दुखणं सुरू झालं. मला राग आला तुमचा. रिक्षात बसून अक्षरशः भांडले तुमच्याशी. सांगता आलं नसतं का? म्हणायचं ना, माय, हे नव्हे, जा, चाचाकडे जा. गेले असते मी. धावत गेले असते. पण नाही, पाच दिवसांचा उपाशी माणूस, बोलायला ताकद नाही, आणि माझी अब्रू झाकत बसलात. शेवटची ताकद त्यात घातलीत. चाचांनी जाताना सांगितलं होतं, "तू विचारलं असतंस तरी न्हवतं, त्या साली आंब्री आलंच न्हाई." ते खरं की माझ्यासाठी, देव जाणे. तुमच्या दोस्तीचा माणूस, त्याच्यावर काय विश्वास ठेवायचा? पण मला खरी खुपली ती तुमची ती चार फोडींची मेहनत. माझं खोटं पोटात घेऊन तुम्हाला किती जड गेलं असेल, हेच डोक्यात. आधी वाटायचं कळलं का नाही. आता कळलं की कळलं होतं, आणि जेवण जाईना.

चाचांचं मात्र नशीब उघडलं. आठवड्यानं मी गेले तर म्हातारा पुढच्या स्टुलावर, मुलगा मागे. प्रत्येक पेटीतलं एक कापून खाणार आणि निकाल देणार. गिऱ्हाइकाला परत "कोणासाठी?" सुरू. मुलगा मला म्हणतो, "ताई, काय केलंत तुम्ही, अब्बा आता दुकानात कोणाचं चालू देत न्हाईत." ऑफिसातल्या एकाच्या भावानं केदारखेड्याला मोसंबीशेजारी कमी थंडीत येणारी सफरचंदाची झाडं लावलीत. तुम्हाला पटणार नाही, पण लागली त्याला फळं, भर ज्येष्ठात, आपल्या उन्हात. मी दोन चाचांकडे नेली. त्यांनी नाक लावलं, चावलं, डोळे मिटले आणि म्हणाले, "सफरचंद हाय. पण लई घाईत हाय." केदारखेड्याच्या माणसाला मी तेवढंच सांगितलं, की चांगलं आहे म्हणाले.

हे सगळं पत्रात लिहितेय, पण तुम्हाला कुठे वाचता येत होतं? गावाकडून कार्ड आलं की चाचाच गाड्यावर उभं राहून वाचून दाखवायचे, मोठ्या आवाजात, अख्ख्या ओळीला ऐकू जाईल असं. हे पत्र पोचायची सोय असती तरी ते वाचलं चाचांनीच असतं, आणि पुढचं त्यांना कळता कामा नये. म्हणून हे कुठं जायचं नाही. तुमच्यापुरतं सांगते.

मार्गशीर्षात चाचांनी कुठून कुठून निरोप धाडून काश्मीरहून आंब्रीची एक पेटी मागवली. माझ्यासाठी. मी नेमकी तेव्हा ट्रेनिंगला नागपुरात, मग मोजणीच्या कामात गळ्यापर्यंत बुडालेली. दुकानात सगळ्यांनी एकेक खाल्लं, बाकीची गिऱ्हाइकांनी नेली, पण दोन चाचांनी माझ्या नावानं ठेवली. मुलगा म्हणत होता, अब्बा, थंड्या पेटीत ठेवू. चाचांना पटेना, चोरीला जातील म्हणे. दोन महिने स्वतःच्या उशाशी ठेवली, कागदात गुंडाळून, उबेत. परवा गेले मी. चाचांनी धुतलेलं फडकं अंथरलं, माझ्यासमोर स्टूल ओढलं, सालीसकट फोड कापली आणि माझ्या हातात दिली. सून दारात उभी. चाचा माझ्या तोंडाकडे बघतायत, श्वास रोखून.

पार पिठूळ झालं होतं, आबा. वास गेलेला, रस गेलेला, ओला भुसा जिभेवर ठेवल्यासारखं. मी चावलं, डोळे मिटले आणि म्हणाले, "चाचा, असलं सफरचंद मी आजवर खाल्लं न्हाई." त्यांचा चेहरा असा उजळला की काय सांगू. दुसरी फोड मीच मागून घेतली. मग तिसरी. दोन्ही सफरचंदं संपवली मी, सालीसकट.

खोटं बोलले. आणि ते बोलताना मला बिलकुल जड गेलं नाही.